झ्झोनोवच्या चित्रपटसूचीतील रिकामी १५ वर्षे

१/
चित्रपटाच्या श्रेयनामावलीकडे ऐतिहासिक कागद म्हणून क्वचितच पाहिले जाते. कोणी कोणती भूमिका केली आणि कोणत्या वर्षी केली, एवढीच तिची नोंद. परंतु सोव्हिएत चरित्र अभिनेता गेओर्गी झ्झोनोव (१९१५–२००५) याची चित्रपटसूची वर्षानुक्रमे लावली, तर तिच्यात एक विलक्षण गोष्ट दिसते. १९३२ ते १९३८ या काळात एक उमदा तरुण नट पडद्यावर वावरतो. त्यानंतर सुमारे १५ वर्षे यादी जवळजवळ रिकामी आहे. आणि मग खोल सुरकुत्यांचा एक प्रौढ माणूस तीच यादी पुढे चालू करतो. हा धागा त्या मधल्या रिकाम्या जागेविषयी आहे.

२/
'चरित्र अभिनेता' हा शब्द आपल्याकडे रुळलेला आहे. ज्याच्याभोवती प्रेमकथा फिरत नाही, ज्याचे नाव फलकावर सर्वांत मोठे नसते, पण ज्याच्यामुळे चित्रपटातील जग खरे वाटू लागते, तो चरित्र अभिनेता. वडील, सेनापती, वैमानिक, पोलीस, गुन्हेगार ही त्याची माणसे. बहुतेक नट वय वाढल्यावर हळूहळू या भूमिकांकडे वळतात. झ्झोनोव मात्र तिकडे वळला नाही. त्याला तिकडे ढकलण्यात आले. नायक होण्याचे वय त्याच्याकडून सरकारने काढून घेतले होते.

३/
जन्म २२ मार्च १९१५, पेत्रोग्राद. हेच शहर पुढे लेनिनग्राद झाले आणि आज सेंट पीटर्सबर्ग म्हणून ओळखले जाते. त्याचे कुटुंब त्वेर प्रांतातील शेतकऱ्यांचे, पोटासाठी शहरात आलेले. 'झ्झोनोव' या आडनावाचे मूळ रशियन भाषेतील 'जळलेला', 'भाजलेला' अशा अर्थाच्या शब्दात आहे. आडनावे योगायोगाने मिळतात. त्यांत भविष्य शोधू नये. तरीही पुढचा वृत्तांत वाचताना हा अर्थ मनात घर करून राहतो.

४/
मुलाला वेड होते सर्कसचे. १९३० मध्ये लेनिनग्रादच्या सर्कस-विद्यालयात प्रवेश घ्यावा, तर वय कमी. त्याने युक्ती केली. थोरला भाऊ बोरिस याची कागदपत्रे घेतली आणि त्याच्याच नावाने प्रवेश मिळवला. ही लबाडी फार काळ टिकली नाही, पण विद्यालयाने त्याला घालवलेही नाही. लवकरच एका सहाध्यायासोबत तो रिंगणात कसरतींचा विनोदी खेळ करू लागला. दोघांचेही नाव गेओर्गी, म्हणून खेळाचे नाव '२ झॉर्झ २'. या बोरिसचे नाव लक्षात ठेवावे. ते पुन्हा येणार आहे.

५/
सर्कशीतूनच चित्रपटाची वाट उघडली. १९३२ साली, वयाच्या सतराव्या वर्षी, एदुआर्द इओगान्सन दिग्दर्शित 'ओशिब्का गेरोया' या मूकपटात त्याला प्रमुख भूमिका मिळाली. भूमिका होती एका तरुण ट्रॅक्टरचालकाची. चित्रपटाच्या नावाचा अर्थ 'नायकाची चूक'. पहिल्या पंचवार्षिक योजनेच्या त्या काळात सोव्हिएत पडद्याला हवा होता बळकट, हसरा, यंत्रावर स्वार झालेला तरुण. झ्झोनोवपाशी कसरतपटूचे शरीर होते. निवड झाली ती मुख्यतः त्या शरीराची.

६/
त्यानंतर त्याने सर्गेई गेरासिमोव या दिग्दर्शकाच्या हाताखाली अभिनयाचे रीतसर शिक्षण घेतले आणि १९३५ मध्ये ते पूर्ण केले. दरम्यान १९३४ साली 'चापायेव' हा चित्रपट आला. दिग्दर्शक होते गेओर्गी आणि सर्गेई वासिल्येव. दोघे सख्खे भाऊ नव्हते, तरी 'वासिल्येव बंधू' म्हणूनच ख्यात होते. यादवी युद्धावरचा हा चित्रपट सोव्हिएत संघात अफाट गाजला. त्यात झ्झोनोव एका छोट्या भूमिकेत दिसतो: कमिसार फुर्मानोवचा हरकाम्या सैनिक. वासिल्येव हे नावसुद्धा स्मरणात असू द्यावे.

७/
'चापायेव' चित्रपटगृहांत गर्दी खेचत असतानाच, १ डिसेंबर १९३४ रोजी, लेनिनग्रादचा पक्षप्रमुख सर्गेई किरोव याची हत्या झाली. या हत्येचे निमित्त करून स्तालिनच्या राजवटीने दडपशाहीचे दार सताड उघडले. शहरात शोकयात्रा निघाली. विद्यार्थ्यांनी अंत्यदर्शनाला जाणे सक्तीचे होते. बोरिस झ्झोनोव तेव्हा लेनिनग्राद विद्यापीठात गणित-यंत्रशास्त्राचा विद्यार्थी होता. त्याच्या पायांतले बूट फाटके होते आणि बाहेर कडाक्याची थंडी. त्याने जाण्यातून सवलत मागितली.

८/
ही मागणी म्हणजे राजकीय अपराध ठरला. बोरिसला विद्यापीठातून काढण्यात आले. पुढे परत घेण्यात आले खरे, परंतु १९३६ च्या अखेरीस त्याला अटक झाली आणि सोव्हिएतविरोधी कारवायांच्या आरोपाखाली ७ वर्षांची शिक्षा झाली. १९४३ मध्ये उत्तर ध्रुववृत्तापलीकडच्या वोर्कुता येथील श्रमछावणीत उपासमारीने खंगून त्याचा मृत्यू झाला. फाटक्या बुटांपासून सुरू झालेली ही साखळी येथेच थांबली नाही. 'जनशत्रूचे नातेवाईक' म्हणून १९३७ मध्ये सारे कुटुंब लेनिनग्रादमधून कझाकस्तानला हद्दपार करण्यात आले.

९/
धाकटा गेओर्गी गेला नाही. त्याला चित्रीकरणासाठी जायचे होते. गुरू गेरासिमोव 'कोम्सोमोल्स्क' नावाचा चित्रपट करत होता. अतिपूर्वेत आमूर नदीच्या काठी तरुण स्वयंसेवक नवे शहर उभारतात, अशी त्याची कथा. बाह्यचित्रणासाठी सारा चमू रेल्वेने सैबेरिया ओलांडून निघाला. अनेक दिवसांचा प्रवास, एकच गाडी, तेच तेच चेहरे. याच गाडीतून व्लादिवोस्तोककडे निघालेला अमेरिकी दूतावासाचा एक अधिकारी प्रवास करत होता. कलावंतांशी त्याच्या गप्पा झाल्या. त्या गप्पांत झ्झोनोवही होता.

१०/
जुलै १९३८ च्या आरंभी, मध्यरात्री, झ्झोनोवला अटक झाली. वय २३. आरोप: अमेरिकेसाठी हेरगिरी. पुरावा: रेल्वेतली ती ओळख. लेनिनग्रादच्या 'क्रेस्ती' तुरुंगात चौकशी झाली. न्यायालय, वकील, साक्षीदार यांतले काहीही नव्हते. एनकेव्हीडी, म्हणजे तेव्हाची गुप्त पोलीस यंत्रणा, तिच्याच एका 'विशेष मंडळा'ने आरोपीच्या अनुपस्थितीत कागदावर निकाल दिला: श्रमछावणीत ५ वर्षे. 'कोम्सोमोल्स्क' त्याच वर्षी प्रदर्शित झाला. नवे जग उभारणारा तरुण पडद्यावर होता आणि तीच भूमिका करणारा नट कोठडीत.

११/
ही घटना अपवादात्मक नव्हती, हे ध्यानात घेणे आवश्यक आहे. १९३७ आणि १९३८ या दोनच वर्षांत, एनकेव्हीडीच्या स्वतःच्या दप्तरानुसार, सुमारे ६ लाख ८० हजार माणसांना मृत्युदंड देण्यात आला. रंगभूमीचा श्रेष्ठ दिग्दर्शक मेयरहोल्ड याला १९४० मध्ये गोळ्या घालण्यात आल्या. अभिनेत्री झोया फ्योदोरोवा १९४६ मध्ये, तर तात्याना ओकुनेव्स्काया १९४८ मध्ये तुरुंगात गेली. पुढे दूरचित्रवाणीवर लोकप्रिय झालेला प्योत्र वेल्यामिनोव याला १९४३ मध्ये, तो अवघा १६ वर्षांचा असताना, अटक झाली होती. अशा रिकाम्या जागा आणखीही अनेकांच्या सूचीत आहेत.

१२/
झ्झोनोवला नेण्यात आले कोलिमाला. आशियाच्या ईशान्य टोकाचा हा प्रदेश. तेथे सोने सापडले आणि १९३१ मध्ये 'दाल्स्त्रोय' ही सरकारी यंत्रणा ते काढण्यासाठी स्थापन झाली. मजूर म्हणून कैदी. रेल्वेने प्रशांत महासागराचा किनारा, तेथून जहाजाच्या तळघरात कोंबून मगादान बंदर, आणि मग तैगाच्या अरण्यात पसरलेल्या छावण्या. झ्झोनोवने आधी लाकूडतोडीवर काम केले, नंतर 'ग्लुखार' नावाच्या सोन्याच्या खाणीवर. ग्लुखार हे तेथील एका रानपक्ष्याचे नाव. हिवाळ्यात उणे ५० अंशांपर्यंत उतरणारे तापमान, ठरवून दिलेले काम पुरे झाले तरच पुरती भाकरी, आणि शरीर पोखरणारा स्कर्व्ही.

१३/
या काळातील एक प्रसंग त्याने स्वतःच पुढे लिहून ठेवला. त्याचे नाव 'सानोच्की', म्हणजे बर्फावरून ओढायची लहान गाडी. युद्धाच्या काळात कळले की आईने पाठवलेली पार्सले १० किलोमीटरवरच्या ठाण्यात येऊन पडली आहेत. स्कर्व्हीने जर्जर झालेल्या कैद्याला दहा पावले टाकणेही कठीण होते. छावणीतील एका अधिकाऱ्यासोबत जाण्याची परवानगी मिळाली. पार्सलातील अन्न एकमेकांना चिकटून दगडासारखे गोठले होते. वाटेत तो कोसळला. तेव्हा त्या अधिकाऱ्याने, ज्याच्या क्रौर्याची छावणीत दहशत होती, त्याला गाडीवर घातले आणि स्वतः ओढत नेले.

१४/
'सानोच्की'चे मोल त्याच्या साक्षीत आहे. लेखक त्या अधिकाऱ्याला संत करत नाही आणि राक्षसही करत नाही. माणूस तोच, यंत्रणा तीच. त्या एका दिवशी त्याच्या हाताने वेगळे कृत्य घडले, इतकेच तो सांगतो. गुलागवरील लेखनात छळाची वर्णने पुष्कळ आहेत. छळ करणाऱ्याच्या वर्तनातील अशा विसंगतीची नोंद इतिहासाच्या अभ्यासकाला अधिक विचारात पाडते. माणसाकडे पाहण्याची हीच रीत झ्झोनोवच्या पुढील अभिनयातही आढळते. त्याचे खलपुरुष कधी केवळ खल नसतात.

१५/
शिक्षेची मुदत संपली तरी ती वाढवण्यात आली. अखेरीस मगादानच्या रंगभूमीने त्याला खाणीतून बाहेर काढले. होय, छावण्यांच्या त्या राजधानीत नाट्यगृह होते. तेथे कैदी आणि माजी कैदी कलावंत अधिकाऱ्यांसमोर प्रयोग करत. सुटका झाली १९४५ मध्ये, वय ३०. मात्र मोठ्या शहरांत राहण्यास बंदी. स्वेर्दलोव्स्कच्या चित्रपटनिर्मितीकेंद्रात काही काळ काम मिळाले. तेही लांबले नाही. मग ओका नदीकाठच्या पाव्लोवो या लहान गावातील नाटक मंडळी. नव्याने सारे जुळवण्याचा हा प्रयत्न होता.

१६/
जून १९४९ मध्ये दुसरी अटक. नवा गुन्हा काहीच नव्हता. युद्धोत्तर काळात जुन्या राजकीय कैद्यांना पुन्हा धरून दूर पाठवण्याची मोहीम निघाली होती, तिच्यात तोही सापडला. यावेळी रवानगी झाली नोरिल्स्कला. ध्रुववृत्ताच्या उत्तरेला कैद्यांच्या श्रमांवर उभे राहिलेले निकेलचे हे शहर. तेथेही नाट्यगृह होते आणि पुन्हा रंगभूमीनेच त्याला आधार दिला. याच रंगमंचावर त्याची गाठ एका सडपातळ, बुजऱ्या नटाशी पडली. त्याचे नाव इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की.

१७/
स्मोक्तुनोव्स्की कैदी नव्हता, पण निर्भयही नव्हता. १९४३ मध्ये तो जर्मनांच्या हाती युद्धकैदी म्हणून सापडला होता आणि निसटला होता. युद्धात शत्रूच्या हाती सापडलेल्या सैनिकांकडे सोव्हिएत यंत्रणा संशयाने पाहत असे. आणखी कोठे पाठवले जाऊ नये म्हणून तो आपणहून नोरिल्स्कला गेला. त्याहून दूर पाठवण्याजोगी जागाच नव्हती. झ्झोनोवने त्याची प्रतिभा ओळखली आणि येथून बाहेर पडण्याचा आग्रह धरला. १९६४ मध्ये कोझिंत्सेवच्या 'हॅम्लेट'मधील शीर्षकभूमिकेने स्मोक्तुनोव्स्की जगभर पोहोचला.

१८/
मार्च १९५३ मध्ये स्तालिनचा मृत्यू झाला आणि छावण्यांची दारे हळूहळू उघडू लागली. झ्झोनोव लेनिनग्रादला परतला. डिसेंबर १९५५ मध्ये लष्करी न्यायाधिकरणाने त्याला निर्दोष ठरवले. तेव्हा वय ४०. हिशेब साधा आहे: २३ व्या वर्षी अटक, ४० व्या वर्षी निर्दोषत्व. अभिनेत्याच्या आयुष्यातील ही १७ वर्षे म्हणजे नेमका नायकाचा काळ. 'ओशिब्का गेरोया'मधील कसरतपटू आता उरला नव्हता. परतला होता तो चेहरा: रुंद, रेषांनी कोरलेला, कमी बोलणारा. दिग्दर्शकांनी आता निवड केली ती या चेहऱ्याची.

१९/
येथे एका मोहक गैरसमजापासून दूर राहिले पाहिजे. छावणीने थोर नट घडवला, असे म्हणणे सोपे आणि चुकीचे आहे. छावणीने बोरिसलाही घेतले. त्याच्यातून कोणता गणितज्ञ घडला असता, हे कोणालाही कळणार नाही. झ्झोनोव टिकला तो दैव, शरीर आणि रंगभूमी यांच्या बळावर. जे त्याच्याजवळ उरले होते, त्यातून त्याने कला उभी केली. त्याचे श्रेय त्याचे आहे. ज्यांनी हिरावून घेतले, त्यांचे नव्हे.

२०/
आरंभी वाट्याला आल्या दुय्यम भूमिका. १९६० च्या दशकाच्या आरंभी पावेल क्लुशान्त्सेवच्या 'प्लानेता बुर' या विज्ञानपटात तो शुक्रावर उतरणाऱ्या अंतराळवीरांपैकी एक झाला. या चित्रपटाचे पुढे जे झाले, ते उद्बोधक आहे. अमेरिकी निर्माता रॉजर कॉर्मन याने त्याचे हक्क घेतले, काही नवी दृश्ये जोडली आणि १९६५ मध्ये तो इंग्रजीत वेगळ्याच नावाने आणला. सोव्हिएत नटांच्या जागी श्रेयनामावलीत इंग्रजी वळणाची बनावट नावे घातली गेली. अमेरिकेसाठी हेरगिरी केल्याचा ठपका सोसलेला माणूस अमेरिकी पडद्यावर पोहोचला, तो असा, स्वतःच्या नावाशिवाय.

२१/
१९६६ मध्ये एल्दार रियाझानोवचा 'बेरेगीस अवतोमोबिल्या' आला. नावाचा अर्थ 'मोटारीपासून सावध'. या विनोदी चित्रपटाचा नायक देतोच्किन लाचखोरांच्या मोटारी चोरतो, विकतो आणि पैसे अनाथालयांना पाठवतो. देतोच्किन झाला स्मोक्तुनोव्स्की. मोटारसायकलवरून त्याचा पाठलाग करणारा वाहतूक पोलीस झाला झ्झोनोव. नोरिल्स्कच्या बर्फातील रंगमंचावर भेटलेले दोन नट लक्षावधी प्रेक्षकांसमोर चोर-पोलिसाचा खेळ खेळत होते. गणवेशात होता तो माजी कैदी. प्रेक्षक खळखळून हसले. या विनोदाचा दुसरा पदर फार थोड्यांना ठाऊक होता.

२२/
दोन वर्षांनी, १९६८ मध्ये, ज्या भूमिकेने त्याला घराघरांत पोहोचवले ती आली. वेनियामिन दोर्मानचा 'ओशिब्का रेझिदेन्ता', म्हणजे 'हेरप्रमुखाची चूक'. झ्झोनोव झाला मिखाईल तुल्येव: परागंदा झालेल्या रशियन उमरावाचा मुलगा, परकीय गुप्तहेर संस्थेचा निष्णात हस्तक, जो एका चोराच्या नावाने सोव्हिएत संघात शिरतो. पहिला चित्रपट 'नायकाची चूक', हा 'हेरप्रमुखाची चूक'. ज्या राज्याने त्याला खोट्या कागदावर हेर ठरवले, त्याच राज्याच्या पडद्यावर तो आता हेराची भूमिका करत होता आणि तेच राज्य त्याला टाळ्या देत होते.

२३/
हा चित्रपट सोव्हिएत सुरक्षायंत्रणेचा गौरव करणारा होता, यात शंका नाही. परंतु तुल्येव प्रचारपटातल्या ठरावीक खलनायकासारखा उतरला नाही. झ्झोनोवने त्याला थकवा दिला, शालीनता दिली, मातृभूमीविषयीची अव्यक्त ओढ दिली. शत्रूच प्रेक्षकांचा आवडता झाला. १९७० च्या पुढील भागात तुल्येव सोव्हिएत बाजूला येतो आणि ही मालिका १९८२ व १९८६ मध्ये आणखी दोन भागांनी पूर्ण होते. चार चित्रपट, १८ वर्षे, एकच पात्र. संशयित माणसाच्या आत काय चालते, हे या नटाला कोणी शिकवायची गरज नव्हती.

२४/
१९७० चे दशक त्याचे होते. रॉबर्ट पेन वॉरनच्या कादंबरीवरील 'व्स्या कोरोलेव्स्काया रात' या दूरचित्रवाणीपटात विली स्टार्क करणारा पावेल लुस्पेकायेव एप्रिल १९७० मध्ये चित्रीकरणादरम्यान वारला. ती भूमिका झ्झोनोवकडे आली आणि सत्तेने बदलत जाणारा अमेरिकी राजकारणी त्याने उभा केला. १९७२ मध्ये 'गर्याची स्न्येग', म्हणजे 'तप्त हिम'. डिसेंबर १९४२, स्तालिनग्रादजवळची लढाई. झ्झोनोव झाला जनरल बेसोनोव. शेवटी हा सेनापती खंदकांतून चालत जातो आणि वाचलेल्या मोजक्या सैनिकांना पदके देतो. डोळ्यांतले पाणी आवरण्याची त्याची धडपड हेच त्या दृश्याचे केंद्र आहे.

२५/
डिसेंबर १९४२ मध्ये स्वतः झ्झोनोव कोठे होता? कोलिमात. ज्या हिवाळ्यात त्याच्या पिढीचे तरुण स्तालिनग्रादला लढत होते, त्या हिवाळ्यात तो काटेरी तारांच्या आत होता. तीस वर्षांनी त्याने त्या लढाईतील सेनापती साकारला, तो इतक्या विश्वासार्हपणे की या चित्रपटासाठी १९७५ मध्ये त्याला रशियन प्रजासत्ताकाचा राज्य पुरस्कार मिळाला. पुरस्काराचे नाव होते 'वासिल्येव बंधू पुरस्कार'. 'चापायेव'मध्ये छोटी भूमिका देणारे तेच वासिल्येव.

२६/
१९८० मध्ये अलेक्सांद्र मित्ताचा 'एकिपाझ' प्रदर्शित झाला. भूकंपाच्या तडाख्यात सापडलेल्या विमानतळावरून जायबंदी विमान सुखरूप नेण्याची ही कथा सोव्हिएत आपत्तिपटांतील आद्य म्हणून ओळखली जाते. विमानाचा कप्तान तिमचेंको झाला साठी ओलांडलेला झ्झोनोव. तरुण सहकाऱ्यांची प्रेमप्रकरणे त्यांच्याकडे, विमानाचा भार त्याच्याकडे. चरित्र अभिनेता काय करतो, याचे याहून नेमके उदाहरण शोधणे कठीण. त्याच वर्षी त्याला 'सोव्हिएत संघाचा लोककलावंत' हा सर्वोच्च किताब मिळाला.

२७/
या सर्व काळात प्रेक्षकांना काय ठाऊक होते? फारच थोडे. १९६२ मध्ये सोल्झेनित्सीनची 'इव्हान देनिसोविच'वरील कथा प्रसिद्ध झाली आणि छावण्यांविषयी बोलण्याची एक खिडकी उघडली. १९६४ मध्ये ख्रुश्चेव पायउतार झाल्यावर ती मिटत गेली. १९७४ मध्ये सोल्झेनित्सीनला देशाबाहेर काढण्यात आले. तुल्येव, बेसोनोव आणि तिमचेंको यांच्यावर जीव लावणारा प्रेक्षक त्या चेहऱ्यावरील रेषा पाहत होता. त्या कोठून आल्या, हे छापील मजकुरात त्याला सापडत नव्हते.

२८/
गोर्बाचोवच्या मोकळिकीच्या धोरणानंतर झ्झोनोवच्या आठवणी पुस्तकरूपाने आल्या. १९८९ च्या त्या संग्रहाचे नाव 'ग्लुखारपासून अग्निपक्ष्यापर्यंत'. पहिला पक्षी खाणीचा, दुसरा रशियन लोककथेतला. वयाच्या सत्तरीपलीकडे त्याने आपल्या यादीतील रिकामी जागा स्वतःच्या हाताने भरली. पुढे सर्गेई मिरोश्निचेंको या दिग्दर्शकाच्या माहितीपटात तो कॅमेऱ्यासमोर आपली कथा सांगताना दिसतो. त्या पटाचे नाव 'रूस्की क्रेस्त', म्हणजे 'रशियन क्रूस'. 'क्रेस्त' म्हणजे क्रूस. ज्या तुरुंगात हे सारे सुरू झाले, त्या 'क्रेस्ती'चे नावही त्याच शब्दाचे.

२९/
८ डिसेंबर २००५ रोजी मॉस्कोत, ९० वर्षांचा होऊन, झ्झोनोव गेला. नोवोदेविची दफनभूमीत त्याचे थडगे आहे. त्याच्याविरुद्ध निकाल देणाऱ्यांची नावे आज फक्त अभ्यासकांना ठाऊक आहेत. तुल्येव आणि बेसोनोव मात्र दूरचित्रवाणीवर अजूनही भेटतात. हा काव्यात्म न्याय आहे, असे मात्र म्हणता येत नाही. वोर्कुताच्या गोठलेल्या मातीत राहिलेल्या बोरिसला असा कोणताही दुसरा अंक मिळाला नाही.

३०/
इतिहासाच्या तरुण अभ्यासकांसाठी यातून एक कामाची सवय उचलता येते. विसाव्या शतकातील सोव्हिएत कलावंत, शास्त्रज्ञ किंवा लेखक यांच्या कामाची यादी हाती आली, की तिच्यातील वर्षे मोजावीत. १९३७ नंतर अचानक आलेली पोकळी, १९५५-५६ च्या सुमारास झालेले पुनरागमन, मधल्या काळात एखाद्या दूरच्या उत्तरेकडील शहराचे नाव: या खुणा जुळल्या, तर त्या यादीमागे बहुधा एक तुरुंगाची फाइल असते. जे नोंदले गेले ते वाचणे सोपे. जेथे नोंद असायला हवी होती आणि नाही, तेथे थांबून कारण विचारणे, हे इतिहासाचे काम.